गेम काढण्याआधी सेव्ह फाइल शोधा: आमच्या घरच्या कॉम्प्युटरची सफाई

विंडोज १०ला मिळणारे मोफत सुरक्षा अपडेट्स १४ ऑक्टोबर २०२५ला थांबणार, ही तारीख वर्षभर डोळ्यांसमोर होती. मी घरून काही दुकानदारांचे हिशेब लिहिते, त्यांची जीएसटीची रिटर्न्स भरते. त्यांचे पॅन नंबर, बँकेची स्टेटमेंट्स, सगळं कोथरूडच्या आमच्या फ्लॅटमधल्या एकुलत्या एका कॉम्प्युटरवर असतं. दुसऱ्यांची कागदपत्रं असुरक्षित मशीनवर ठेवायला मन तयार होईना. १३ ऑक्टोबर २०२६पर्यंत मुदतवाढ घ्यायची सोय होती, पण तिने प्रश्न वर्षभर पुढे गेला असता, सुटला नसता. म्हणून विंडोज ११वर जायचं ठरवलं.

आमचा कॉम्प्युटर २०१९ साली टिळक रोडवरच्या दुकानातून असेंबल करून घेतलेला. इंटेलचा आय-५ ९४०० एफ प्रोसेसर, १६ जीबी रॅम, २४० जीबीची एसएसडी आणि १ टीबीची साधी हार्ड डिस्क. विंडोज ११ला इंटेलचा आठव्या पिढीचा किंवा त्यानंतरचा प्रोसेसर लागतो, आमचा नवव्या पिढीचा, म्हणजे तिथे अडचण नव्हती. विंडोज ११ला टीपीएम २.० ही सुरक्षेची सोयही लागते. ती सापडत नाही असं मायक्रोसॉफ्टचं पीसी हेल्थ चेक हे तपासणीचं ॲप सांगत होतं, पण अशा मशीनमध्ये ती बहुधा असते, फक्त बंद असते. इंटेलच्या बऱ्याच मदरबोर्डांच्या बायोसमध्ये, म्हणजे विंडोज सुरू होण्याआधीच्या सेटिंग्जमध्ये, ती पीटीटी या नावाने सापडते. ती चालू केली आणि तो प्रश्न मिटला.

राहिली जागा. सी ड्राइव्हवर, म्हणजे एसएसडीवर, जेमतेम ६ जीबी शिल्लक होती आणि पट्टी लाल झाली होती. (ड्राइव्हची दहा टक्क्यांपेक्षा कमी जागा उरली की विंडोज पट्टी लाल करते.) डी ड्राइव्ह, म्हणजे साधी हार्ड डिस्कही भरत आली होती, आणि अपग्रेडच्या आधी सीची पूर्ण प्रत मला तिथेच ठेवायची होती. म्हणजे दोन्हीकडे जागा करायची होती.

नवऱ्याचं म्हणणं, नवीन १ टीबीची एसएसडी घेऊन टाकू. दुकानदाराने साडेपाच हजारांच्या आसपास भाव सांगितला. घ्यायला हरकत नव्हती, पण नवीन डिस्कवर जुना पसारा नेण्याआधी आत काय आहे ते तरी बघावं असं मला वाटत होतं. तसं ठरलं.

सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात, नवरात्र चालू असताना, मी मोजणीला बसले. पहिली गोष्ट, २४० जीबीची डिस्क विंडोज २२३ जीबी दाखवते. कुणी काही चोरलेलं नसतं. डिस्क बनवणारे एक जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट्स धरतात आणि विंडोज १०२४च्या पटीत मोजते, त्यामुळे आकडा लहान दिसतो. १ टीबीची डिस्क याच कारणाने ९३१ जीबी दिसते. हिशेब मांडताना सुरुवात २२३ पासूनच करा, नाहीतर शेवटी ताळा जुळत नाही.

सेटिंग्जमध्ये सिस्टिम, मग स्टोरेज असं गेलं की कशाने किती जागा घेतली ते गटवार दिसतं. ॲप्सच्या यादीत आकारानुसार क्रम लावता येतो. पण या यादीतल्या आकड्यांवर पूर्ण भिस्त ठेवू नका. बऱ्याच प्रोग्रामांचा आकार इन्स्टॉल होताना नोंदवलेला असतो, नंतरच्या अपडेट्सनी तो फुगला तरी यादीत जुनाच राहतो. काही गेम्सपुढे तर आकडाच नसतो. म्हणून मी विनडरस्टॅट हा मोफत प्रोग्राम घेतला. तो प्रत्येक फोल्डर मोजतो आणि मोठ्या फाइली रंगीत चौकोनांत मांडतो. डोळ्यांना चित्र दिसलं की कुठे हात घालायचा ते लगेच कळतं.

आमच्या सी ड्राइव्हवर नवऱ्याची जीटीए ५ एकटी १०५ जीबी खात होती. मुलाची व्हॅलोरंट ३६ जीबी. मुलाने रेकॉर्ड केलेले सामन्यांचे व्हिडिओ १८ जीबी. विंडोज, माझं काम, घरचे कागद असं सगळं मिळून उरलेलं. म्हणजे निम्म्याहून जास्त डिस्क दोन गेम्सनी धरलेली. डी ड्राइव्हवर माझी स्वतःची एज ऑफ एम्पायर्स २ची डेफिनिटिव्ह एडिशन होती, आणि वेळोवेळी मोफत मिळाल्या म्हणून घेऊन ठेवलेल्या, एकदाही न उघडलेल्या गेम्सचा ढीग.

रात्री जेवताना विषय काढला. थोरला बारावीला आहे, धाकटी सहावीत. धाकटीचे डोळे लगेच भरून आले. तिने माइनक्राफ्टमध्ये शनिवारवाडा बांधायला घेतला आहे, नऊ बुरूज आणि पाच दरवाजे असलेला. दिल्ली दरवाजा पूर्ण झालाय, मस्तानी दरवाज्याचं काम चालू आहे. त्यासाठी ती बाबांबरोबर तिथे जाऊन वहीत चित्रं काढून आली होती. थोरल्याला त्याच्या रँकची काळजी. नवरा काही बोलला नाही, पण लॉकडाऊनमध्ये, मे २०२०मध्ये, एपिक या गेम्सच्या ऑनलाइन दुकानात मोफत मिळालेली ती जीटीए त्याने किती निगुतीने खेळली आहे ते मला ठाऊक आहे.

त्या रात्री मला उमगलं की या सगळ्यांना गेम जाण्याची भीती नाहीये. विकत घेतलेली किंवा खात्यावर नोंदलेली गेम अनइन्स्टॉल केली तरी खात्यावर राहते, पुन्हा डाउनलोड करता येते. भीती आहे ती तिच्यात घातलेल्या तासांची. ते तास सेव्ह फाइलमध्ये, म्हणजे खेळातली आपली प्रगती साठवणाऱ्या फाइलमध्ये असतात, आणि सेव्ह फाइल काही एमबींची असते. १०५ जीबीतलं जपण्यासारखं एका लहानशा फोल्डरमध्ये मावतं. मग मी सगळ्यांना शब्द दिला की ज्याची सेव्ह फाइल सापडून पेनड्राइव्हवर गेली नाही, त्याच्या गेमला मी हात लावणार नाही.

आणि खरं काम इथे सुरू झालं, कारण या फाइली कुठे ठेवायच्या याचा सगळ्या गेम्सना लागू होणारा नियम नाही. काही डॉक्युमेंट्समध्ये असतात, काही डॉक्युमेंट्समधल्या माय गेम्समध्ये, काही सेव्ह्ड गेम्स नावाच्या फोल्डरमध्ये, आणि बऱ्याच ॲपडेटामध्ये. ॲपडेटा हे फोल्डर लपवलेलं असतं. फाइल एक्सप्लोररच्या व्ह्यूमध्ये जाऊन हिडन आयटम्सवर खूण केली की ते दिसू लागतं. त्याच्या आत लोकल, लोकललो आणि रोमिंग असे तीन भाग, आणि तिन्ही बघावे लागतात. युनिटी इंजिनवर (इंजिन म्हणजे गेम बनवायचं तयार सॉफ्टवेअर) बनलेल्या गेम्स बहुधा लोकललोमध्ये सापडतात. अनरील इंजिनवरच्या लोकलमध्ये, गेमच्या नावाच्या फोल्डरात, सेव्ह्डच्या आत.

जीटीए ५ची फाइल डॉक्युमेंट्समध्ये, रॉकस्टार गेम्सच्या आत, जीटीए ५च्या प्रोफाइल्समध्ये असते. आमच्याकडे डॉक्युमेंट्सचं फोल्डर वनड्राइव्हमध्ये, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या ऑनलाइन साठवणीत गेलेलं होतं, त्यामुळे नेहमीच्या जागी काहीच दिसेना. अशा वेळी फाइलच्या नावाने शोधावं. या गेमच्या सेव्ह फाइलींची नावं इंग्रजी एसजीटीए या अक्षरांनी सुरू होतात. शोध लावला आणि नवऱ्याचा लॉकडाऊन सापडला. त्याने ते फोल्डर स्वतः कॉपी केलं.

माझ्या एज ऑफ एम्पायर्सची जागा आणखी निराळी. यूजर्समध्ये आपल्या नावाच्या फोल्डरात थेट गेम्स नावाचं फोल्डर असतं, त्यात एज ऑफ एम्पायर्स २ डीई, त्यात एक लांबलचक आकडा आणि त्याच्या आत सेव्हगेम. डॉक्युमेंट्स आणि ॲपडेटा दोन्ही शोधून हात हलवत परतणारे लोक असतील, त्यांच्यासाठी हे मुद्दाम लिहिते आहे.

व्हॅलोरंटचं सगळ्यात सोपं. रँक, स्किन्स, सगळं त्यांच्या सर्व्हरवर खात्याशी जोडलेलं असतं, कॉम्प्युटरवर जपण्यासारखं काही नसतं. फक्त खात्याचा ईमेल आणि पासवर्ड चालतो ना ते आधी बघून घ्यायचं. थोरल्याला हे पटवायला मी त्याच्या मित्राच्या लॅपटॉपवर त्याला लॉगिन करून बघायला लावलं. रँक जागेवर होती. चेहरा खुलला.

माइनक्राफ्टसाठी मात्र कृपया इकडे लक्ष द्या. तिच्या दोन आवृत्त्या आहेत, जावा आणि बेडरॉक. जावाची जगं ॲपडेटाच्या रोमिंगमध्ये, डॉट माइनक्राफ्ट या फोल्डरच्या सेव्ह्जमध्ये असतात आणि तिथून सरळ कॉपी होतात. धाकटी खेळते ती बेडरॉक. मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून घेतलेली आमच्याकडची आवृत्ती अनइन्स्टॉल केली असती तर तिच्याबरोबर जगंही पुसली गेली असती. उपाय गेममध्येच आहे. जगाच्या नावाशेजारच्या पेन्सिलीवर क्लिक करायचं, खाली शेवटपर्यंत जायचं आणि एक्सपोर्ट वर्ल्ड निवडायचं. एक एमसीवर्ल्ड फाइल तयार होते. पुन्हा इन्स्टॉल केल्यावर तिच्यावर दोनदा क्लिक केलं की जग परत येतं. आम्ही माइनक्राफ्ट काढणार नव्हतोच, ती लहान आहे, पण मी शनिवारवाडा तरीही एक्सपोर्ट केला. एक प्रत पेनड्राइव्हवर, एक माझ्या ईमेलमध्ये. धाकटीने प्रत उघडून पाचही दरवाजे तपासले आणि मगच झोपली.

पेनड्राइव्ह १२८ जीबीचा, साडेसातशे रुपयांना पडला. सेव्ह फाइलींना एवढा लागत नाही. १८ जीबीचे व्हिडिओही त्यावर घ्यायचे होते म्हणून मोठा आणला.

आता खात्यांची गोष्ट, जिच्यात सगळ्यात जास्त दिवस गेले. स्टीम या गेम्सच्या ऑनलाइन दुकानातलं माझं खातं २०२० मधलं. त्याला जोडलेला ईमेल मी तेव्हा नोकरी करत होते त्या ऑफिसचा, आणि ते ऑफिस आता बंद झालंय. या कॉम्प्युटरवर मी लॉगिन होते, म्हणून रोज काही अडत नव्हतं. पण विंडोज बदलताना लॉगआउट झालं असतं तर कोड त्या बंद ईमेलवर गेला असता आणि सगळ्या गेम्ससकट खातं अडकलं असतं. दीर हिंजवडीत आयटीमध्ये आहे. त्याने फोनवर एकच विचारलं, “वहिनी, रिकव्हरीचा ईमेल चालू आहे ना?” हा प्रश्न तुम्हीही प्रत्येक खात्याबद्दल स्वतःला विचारा, अनइन्स्टॉलचं बटण दाबण्याच्या आधी.

ईमेल हाताशी नाही असं कळवलं की स्टीमचा मदत विभाग खातं तुमचंच असल्याचा पुरावा मागतो. डबीतली गेम घेतली असेल तर तिच्यावरच्या कोडचा फोटो, त्यावर तक्रार क्रमांक हाताने लिहिलेला. ऑनलाइन घेतली असेल तर पैसे कसे भरले त्याचा तपशील. मी डेबिट कार्डाने भरले होते आणि ते कार्ड केव्हाच बदललं गेलं होतं. म्हणून २०२०चं बँक स्टेटमेंट हवं. नेटबँकिंगवर इतकं जुनं मिळत नव्हतं, शाखेत लेखी अर्ज द्यावा लागणार होता. २७ सप्टेंबर चौथा शनिवार, बँका बंद. सोमवारी २९ तारखेला जाऊन अर्ज दिला, सोबत आधारची साक्षांकित प्रत. शुल्क १०० रुपये आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, म्हणजे ११८. काउंटरवरच्या बाईंनी कारण विचारलं. खरं सांगितलं, जुन्या ऑनलाइन खरेदीचा पुरावा हवा आहे. त्यांनी अर्जात खरेदीचा महिना आणि वर्ष लिहायला सांगितलं, त्यामुळे वर्षभराऐवजी नेमक्या महिन्याचं स्टेटमेंट निघालं आणि कामही लवकर झालं. तुम्ही गेलात तर महिना आधीच शोधून ठेवा. मला तो स्टीममध्येच अकाउंट डिटेल्सच्या खरेदी-इतिहासात मिळाला, कारण मी लॉगिन होते.

कागद हातात आल्यावर त्यातला फक्त हवा तो व्यवहार उघडा ठेवून बाकी सगळं झाकलं, आणि फॉर्ममध्ये विचारलं होतं तेवढंच भरलं. पूर्ण कार्ड नंबर, पिन किंवा ओटीपी असल्या ठिकाणी कधीच द्यायचा नसतो, आणि खरा मदत विभाग तो मागतही नाही. उत्तराची वाट बघण्यात दसरा गेला.

दसरा २ ऑक्टोबरला होता. आमच्याकडे त्या दिवशी हिशेबाच्या वह्या, मुलांची पुस्तकं आणि कॉम्प्युटर यांची पूजा होते. सासूबाईंनी मॉनिटरला हळदकुंकू लावलं, झेंडूचा हार घातला. दिवसभर मशीन बंद. माझ्या मनात सारखं ईमेल आला असेल का हेच, पण फोनवरसुद्धा बघायचं नाही असं ठरवलं होतं आणि नाहीच बघितलं. दुसऱ्या दिवशी सकाळी उत्तर आलेलं होतं. नवीन ईमेल जोडला, मोबाइलवर स्टीम गार्ड (लॉगिनचा कोड देणारी सोय) घेतलं, नवा पासवर्ड केला आणि खात्यांच्या वहीत तारखेसह लिहून ठेवला. खांद्यावरचं ओझं उतरलं.

मग एकदाचं अनइन्स्टॉल. विनंती एवढीच, की गेमचं फोल्डर उचलून डिलीट करू नका. तसं केलं तर फाइली जातात, पण रजिस्ट्रीतल्या (विंडोजच्या नोंदवहीतल्या) नोंदी, लाँचरमधली (स्टीम, एपिक अशा गेम सुरू करणाऱ्या प्रोग्राममधली) नोंद, शॉर्टकट हे सगळं मागे राहतं आणि पुढे ते निस्तरायला त्रास होतो. ज्या लाँचरमधून गेम आली त्याच्यातूनच ती काढावी.

स्टीममध्ये लायब्ररीत नावावर राइट क्लिक, मॅनेज, अनइन्स्टॉल. त्याआधी गेम निवडून क्लाउडची खूण बघा. स्टीम क्लाउड म्हणजे सेव्ह फाइल स्टीमच्या सर्व्हरवर ठेवायची सोय, ती सगळ्या गेम्स वापरत नाहीत. वापरत असतील तर त्या गेमच्या स्टोअरमधल्या पानावर तसं लिहिलेलं असतं. क्लाउड असूनही मी पेनड्राइव्हवरची प्रत ठेवलीच. माझी एज ऑफ एम्पायर्स मी सगळ्यात आधी काढली. घरातल्यांना काढायला सांगायचं तर पहिली आपली, एवढा साधा विचार. दोन मिनिटांत गेली. ज्या गेमवर मी इतक्या रात्री घालवल्या ती दोन मिनिटांत गेल्यावर जरा वेळ नुसती बसून राहिले.

जीटीए एपिकच्या लायब्ररीतून काढली, नावाशेजारच्या तीन टिंबांवर क्लिक करून. ही गेम एपिकवरून घेतली असली तरी रॉकस्टारचा स्वतःचा लाँचर वेगळा इन्स्टॉल होतो आणि गेम गेली तरी तो राहतो. तो ॲप्सच्या यादीतून निराळा काढावा लागला. भाडेकरू गेला तरी भिंतीतले खिळे राहतात, तसलेच हे लाँचर. यादी वरून खालपर्यंत एकदा सावकाश वाचली की असे बरेच सापडतात.

व्हॅलोरंटबरोबर व्हॅनगार्ड येतं, फसवणूक रोखणारं सॉफ्टवेअर, जे विंडोजबरोबरच सुरू होतं. ते गेमबरोबर जात नाही. घड्याळाशेजारच्या चिन्हावर राइट क्लिक करून आधी त्यातून बाहेर पडायचं, मग ॲप्सच्या यादीतून व्हॅलोरंट आणि व्हॅनगार्ड दोन्ही वेगवेगळे काढायचे, आणि मशीन रीस्टार्ट करायचं. थोरल्याने हे स्वतः केलं. बारावीची बोर्डाची परीक्षा होईपर्यंत व्हॅलोरंट परत घालायची नाही, असं त्याने आपणहून सांगितलं. मी ते मागितलं नव्हतं.

९ ऑक्टोबरला गुरुवार होता. आमच्या भागात देखभालीसाठी गुरुवारी वीज जाते हे पुणेकरांना सांगायला नको. मोफत मिळालेल्या एका रेसिंग गेमचं अनइन्स्टॉल चालू असताना वीज गेली, आणि नंतर बघते तर लाँचरमध्ये गेम इन्स्टॉल्ड दिसतेय, फोल्डर अर्धं रिकामं, आणि अनइन्स्टॉल केलं की एरर. गेम चालू आहे असंही सांगत होतं, जी चालू नव्हतीच. टास्क मॅनेजरमधून लाँचर बंद केला, रीस्टार्ट केलं, फरक पडला नाही. दिराने सुचवलेला उपाय चालला: त्याच जागी गेम पुन्हा इन्स्टॉल करायला लावायची, डाउनलोड जरा सुरू झालं की थांबवायचं, आणि मग अनइन्स्टॉल. लाँचरला अर्धवट गेमची नोंद नव्याने मिळते आणि तो ती नीट साफ करतो. तुमच्याकडे यूपीएस असेल तर मोठ्या गेम्सची वेळ त्याच्या भरवशावर ठेवा, नसेल तर गुरुवार टाळा.

माइनक्राफ्टशिवाय आणखी दोन गेम्स आम्ही ठेवल्या. एक नवऱ्याची कॉलेजातली नीड फॉर स्पीड मोस्ट वाँटेड, २००५ची, डिस्कवरून घातलेली. आमच्या कॅबिनेटला आता डीव्हीडी ड्राइव्हच नाही, आणि ती गेम स्टीमवर कधी आली नाही. शिवाय ती घेते जेमतेम ३ जीबी. परत मिळणार नाही आणि जागाही अडवत नाही, अशी गेम काढण्यात काही शहाणपण नाही. दुसरी राजी: ॲन एन्शंट एपिक. ही आपल्या पुण्यात, नॉडिंग हेड्स गेम्सने बनवलेली, २०२०ची. भावाला शोधायला निघालेल्या मुलीची गोष्ट आहे, आणि भिंतींवरची चित्रं, वाड्यांची रचना इतकी मन लावून केली आहे की धाकटीला शनिवारवाडा बांधायचं वेड तिथूनच लागलं असं मला वाटतं. तिला हात लावायचा प्रश्नच नव्हता.

गेम्स गेल्या तरी काही गोष्टी उरतात. मुलाचे व्हिडिओ एक्सबॉक्स गेम बारने व्हिडिओजमधल्या कॅप्चर्स फोल्डरात साठवले होते. अनइन्स्टॉलने ते जात नाहीत. ते पेनड्राइव्हवर नेले, उघडून बघितले आणि मग इथून काढले. सेटिंग्जमधल्या टेम्पररी फाइल्समध्ये डायरेक्टएक्स शेडर कॅश आणि डिलिव्हरी ऑप्टिमायझेशनच्या फाइली बिनधास्त काढता येतात. पण त्याच यादीत डाउनलोड्स नावाचाही एक चौकोन असतो. माझ्यासारखी ज्यांची चलनं आणि रिटर्न्सच्या पावत्या डाउनलोड्समध्ये पडलेल्या असतात, त्यांनी त्यावर खूण नाही ना हे दोनदा बघावं. सगळ्यात शेवटी रिसायकल बिन रिकामा करायचा, आणि तो रिकामा करण्याआधी सेव्ह फाइलींची प्रत उघडते का ते तपासायचं. एसएसडीवर ट्रिम, म्हणजे पुसलेल्या फाइलींची जागा आतून साफ करणारी सोय चालू असते, त्यामुळे पुसलेली फाइल तिथून परत मिळण्याची आशा फारच थोडी.

१० तारखेला संध्याकाळी सी ड्राइव्हवर १६५ जीबी मोकळी होती आणि पट्टी निळी. घरातल्या सगळ्यांना बोलावून दाखवली. मशीनही हलकं वाटू लागलं, त्याचं कारण आहे. एसएसडी गच्च भरली की नवीन लिहिण्याआधी तिला आतल्या आत माहिती हलवून जागा करावी लागते, मोकळी जागा असली की ते काम कमी होतं. नवीन एसएसडीचे साडेपाच हजार आमचे वाचले.

शनिवारी सीची पूर्ण प्रत डीवर घेतली. आता ती ६० जीबीच्या आतच होती. माझ्या कामाच्या फाइली वेगळ्या पेनड्राइव्हवर घेतल्या. रविवारी १२ ऑक्टोबरला दुपारी विंडोज ११ घातलं. जेवणानंतर सुरू केलं, संध्याकाळच्या चहाला तयार होतं. त्यानंतर सी ड्राइव्हवर विंडोज डॉट ओल्ड नावाचं मोठं फोल्डर दिसलं तर घाबरू नका. जुन्या विंडोजवर परत जायची सोय म्हणून ते दहा दिवस राहतं आणि नंतर आपोआप जातं. ते दहा दिवस मी त्याला हात लावला नाही.

दिवाळीच्या सुट्टीत मी एज ऑफ एम्पायर्स डीवर पुन्हा घातली, मुख्य म्हणजे सगळं परत येतं का ते बघायला. सुरू करताना स्टीमने विचारलं, क्लाउडवरची सेव्ह ठेवू की या मशीनवरची. अशा वेळी दोन्हींच्या तारखा दिसतात, त्या शांतपणे वाचून निवडायचं. घाईत चुकीची निवडली तर चांगल्या फाइलीवर जुनी बसते. माझी मोहीम जिथे सोडली होती तिथेच उघडली.

नवऱ्याने जीटीए अजून परत घातलेली नाही. घालेल तेव्हा करायचा क्रम मी पेनड्राइव्हवरच्या एका टेक्स्ट फाइलमध्ये लिहून ठेवला आहे, तो इथेही देते. गेम इन्स्टॉल झाल्यावर ती एकदा सुरू करून बंद करायची, म्हणजे प्रोफाइल्समध्ये नवं फोल्डर तयार होतं. मग पेनड्राइव्हवरच्या एसजीटीए फाइली त्या नव्या फोल्डरमध्ये टाकायच्या, आणि पुन्हा सुरू करून लोड गेममध्ये बघायचं. तुमच्याकडे डॉक्युमेंट्स वनड्राइव्हमध्ये असेल तर नवं फोल्डरही तिथेच तयार होईल, तिकडे शोधा.